मावशींना वाचून दाखवलं का?

जगात देवावर विश्वास नसलेली माणसं पुष्कळ सापडतील, पण छापील लग्नपत्रिकेवर विश्वास नसलेलं माणूस मी आयुष्यात एकच पाहिलं, आणि माझ्या नशिबाने ते आमच्याच पेपरात होतं. पत्रिकेत मुहूर्त बारा पस्तीसचा असेल तर या बाई सव्वाबारालाच मांडवात हजर. शेवटच्या मंगलाष्टकाला सगळ्यांचं लक्ष नवरीकडे, यांचं मनगटावरच्या घड्याळाकडे. अक्षता एक वाजून दहा मिनिटांनी पडल्या की जेवणाच्या वेळी वरपित्याजवळ जाऊन अगदी आपुलकीने सांगायच्या, "तुमच्या छापील मजकुरात पस्तीस मिनिटांची चूक आहे हं." मिसळ तिखट आहे का, असं विचारल्यावर वेटर "नाही" म्हणाला, तर शेजारच्या टेबलावरच्या अनोळखी गृहस्थांना विचारून खात्री करून घ्यायच्या. "एकाने सांगितली ती कुजबुज, दोघांनी सांगितली ती चर्चा. बातमी व्हायला तिसरा माणूस लागतो, आणि वर कागद लागतो," हे त्यांचं तत्त्व. आता मिसळीला कागद कुठून आणणार? तर त्या मेनूकार्ड मागवायच्या.

पेपरात येण्याआधी त्या कळवणला शाळेत शिकवत होत्या, म्हणून शिपायापासून संपादकांपर्यंत सगळे त्यांना 'बाई'च म्हणत. मी सिन्नरहून आलेला, कॉलेजच्या वार्षिकांकात तीन कविता छापून आल्यामुळे कायमचा बिघडलेला वार्ताहर. मला विशेषणांशिवाय चैन पडत नसे, आणि बाईंच्या लाल पेनाला माझी विशेषणं खाल्ल्याशिवाय. अपघाताच्या बातमीत मी "काळाने झडप घातली" असं लिहिलं, तर बाईंनी समासात विचारलं, "काळाच्या गाडीचा नंबर घेतला का?" एका मंत्र्यांच्या सभेला "अलोट जनसागर" लोटल्याचं मी लिहिलं, तेव्हा त्यांनी मला खुर्च्या मोजायला मैदानावर परत पाठवलं. मंडपवाला तोवर खुर्च्या टेम्पोत भरायला लागला होता. मी त्याच्याबरोबर अख्खा टेम्पो भरला, कारण मोजायचा दुसरा मार्गच उरला नव्हता. त्याने मला चहा पाजला आणि उद्यापासून कामावर येतोस का, असं विचारलं. त्या आठवड्यात माझ्या लेखणीचं एवढं कौतुक करणारा तो एकटाच.

बाईंसारखी मुलाखत घ्यायची पद्धत मी दुसऱ्या कुठल्याही पत्रकाराची पाहिली नाही, आणि पाहिली असती तर त्याला मी भाजीवाला समजलो असतो. एखादी मुलगी काही अवघड सांगायला आली की बाई तिला इंदिरानगरच्या आपल्या फ्लॅटवर बोलवायच्या, सतरंजी अंथरायच्या आणि मध्ये मटारच्या शेंगांचा ढीग ओतायच्या. हंगाम नसला तर मेथी. पहिला प्रश्न ठरलेला, "सोलू लागतेस का गं?" मग दोघी सोलत बसायच्या. समोरच्याच्या डोळ्यांत बघून जे तोंडाबाहेर येत नाही, ते हातातल्या शेंगेकडे बघत येतं, असा त्यांचा अनुभव. मला पहिल्यांदा नेलं तेव्हा अट घातली होती की कोपऱ्यात बसायचं, लिहून घ्यायचं, तोंड उघडायचं नाही. त्या दिवशी आलेली शिक्षिका हळू आवाजात जे सांगत होती ते ऐकून मी घाबरलो होतो, आणि मी घाबरलो की खातो. तासाभराने तिने सोललेल्या मटारांच्या ताटाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि आल्यापासून पहिल्यांदा हसली. "बाई, हे सर सगळे संपवतील," ती म्हणाली. "त्याचं तोंड उघडं असण्यापेक्षा भरलेलं बरं," बाई म्हणाल्या.

ती ज्या शिक्षणसंस्थेत होती तिचे अध्यक्ष म्हणजे बडं प्रस्थ. वाढदिवसाला त्यांच्या फ्लेक्सनी सिग्नलसुद्धा झाकले जायचे. ज्या शिक्षिकांची नोकरी कायम व्हायची असे त्यांना ते रविवारी फाइल घेऊन बंगल्यावर बोलवत, आणि एकटीलाच बोलवत. तिथे काय होई ते तिने शेंगांना सांगितलं. मी ते इथे पुन्हा सांगणार नाही, एवढंच सांगतो की तिने हात झटकला आणि तेव्हापासून तिची फाइल कपाटातून हलली नाही. तिच्यासारख्या आणखी दोघी होत्या, त्यांना तिनेच समजावून आणलं. तिची अट एकच होती. "माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न ठरलंय. मी आहे हे गावात कळलं तर ते मोडेल. मग मी काही बोललेच नाही म्हणेन, आणि त्या दोघीही." बाईंनी हातातली शेंग खाली ठेवली. "तू कुणाला कळणार नाहीस. हे मी सांगते." बाईंनी कशाची हमी दिलेली मी त्याआधी कधी ऐकली नव्हती. पावसाचीसुद्धा त्या देत नसत.

मग चार-पाच महिने आम्ही तेवढी एकच बातमी तपासत होतो. तिघींशी वेगवेगळं बोलून बाईंनी तिघींची हकीकत तीन वह्यांत लिहिली. त्यांच्या मोबाइलवरचे निरोप पाहिले. संस्थेच्या ऑफिसबाहेर फाइली नेल्याची शिपायाची नोंदवही पाहिली, आणि कचेरी बंद असलेल्या रविवारांसमोर या तिघींच्याच फाइली निघाल्या. तरी बाईंचं समाधान होईना. एकीने सांगितलं होतं की बंगल्यात तिला ज्या कोचावर बसवलं तिथून खिडकीतून शेजारची पाण्याची टाकी दिसते, आणि ती तेवढा वेळ टाकीकडेच बघत राहिली. बाई संक्रांतीची वाट बघत थांबल्या. अध्यक्षांच्या पत्नी दरवर्षी बंगल्यावर मोठं हळदीकुंकू करत, त्याचं आमंत्रण पेपरातल्या बायकांनाही असे. बाई नऊवारी नेसून गेल्या, त्याच कोचावर बसल्या, तिळगूळ खाल्ला आणि टाकी पाहून आल्या. वाण म्हणून मिळालेली चहाची गाळणी मात्र दुसऱ्या दिवशी मला परत करायला पाठवलं. "ज्यांच्यावर लिहायचं त्यांच्या गाळणीतला चहा नको." शेवटी त्यांनी अध्यक्षांनाही फोन करून विचारलं. "हे विरोधकांचं कारस्थान आहे," ते म्हणाले. बाईंनी ते जसंच्या तसं लिहून घेतलं आणि पुन्हा वाचून दाखवलं.

आता उरली शेवटची चाळणी, म्हणजे बाईंच्या तळमजल्यावरच्या मावशी. मावशी मूळच्या चांदवडच्या. आपल्याकडे माणूस भेटला की आधी नाव, मग गाव, मग "म्हणजे त्या अमक्यांचे तुम्ही कोण?" हे चालतंच. मावशी तीन प्रश्नांत कुणालाही त्याच्या आजोळी नेऊन सोडायच्या. मी त्यांना पहिल्या भेटीत फक्त सिन्नर आणि आडनाव सांगितलं होतं. त्यांनी डोळे बारीक केले. "मुलगी बघायला जाऊन दोन बश्या पोहे खाल्ले आन नकार कळवला, तो तूच का रे भाऊ?" तो मीच होतो. (नकार त्यांनी कळवला होता, पण मावशींपर्यंत वेगळं पोचलं होतं.) तर बातमीत एखाद्या बाईचं नाव झाकायचं असलं की बाई तिच्याबद्दलची तेवढीच वाक्यं मावशींना वाचून दाखवायच्या. "एक मुलगी आहे मावशी, तिचं भलं व्हावं असं वाटतं. एवढ्यावरून कळतेय का बघा." यात एक अक्षरही खोटं नसे. मावशी आपल्या मनाने ते स्थळ समजायच्या आणि कंबर कसून कामाला लागायच्या. त्यांनी ओळखलं की वाक्य गेलं.

बातमीचा पहिला मसुदा आणि मावशींची चाळणी, दोन्ही बाईंनी या वेळी माझ्यावर सोपवलं, आणि मी त्या शिक्षिकेवर एक परिच्छेद लिहिला. तालुक्याच्या गावाहून पहाटेच्या एसटीने येणारी, निवृत्त कंडक्टरची थोरली लेक, डोळ्यांत प्रयोगशाळेची स्वप्नं, आणि घरात धाकटीच्या हातावर मेंदी रंगायची वेळ. (हे तपशील मी आता बदलून लिहिले आहेत. खरे कोणते होते ते मावशींनाही सापडायचे नाहीत.) लिहून झाल्यावर मलाच गलबलून आलं. वर माझं नाव येणार होतं. सासुरवाडीला दहा अंक पाठवायचे मनात ठरलेही होते. शुक्रवारी दुपारी रविवारच्या पुरवणीचं पान छापखान्यात गेलं आणि बाईंचा फोन आला.

"मावशींना वाचून दाखवलं का?"

"हो बाई."

"काय म्हणाल्या?"

"नाही ओळखलं."

"कधी दाखवलंस?"

"आत्ताच. खाली ओट्यावर बसल्या होत्या, स्वेटर विणत."

"अरे, मावशी सकाळपासून माझ्याबरोबर आहेत. त्यांच्या भाचीच्या बारशाला आम्ही चांदवडला आलोय. फोन स्पीकरवर टाकते. वाच."

मी वाचलं. मेंदीपर्यंत येताना माझाच आवाज मला परका वाटायला लागला.

"बाप कंडक्टर म्हणतो ना?" मावशी म्हणाल्या. "थोरली शिकवती, धाकटीचं जमलंय. पाव्हणे कुठले ते लिहिलं नाय का, भाऊ?"

"नाही मावशी."

"राहू दे, लागत नाय." आणि त्यांनी नाव सांगितलं. आडनाव सांगितलं, गल्ली सांगितली, दारातला चाफा सांगितला. "पोरगी लय गुणाची हाय. पण थोरली ठेवून धाकटीचं का करू राहिले, ते इचारा एकदा."

चाफ्याचं मला माहीत नव्हतं. बाकी सगळं बरोबर होतं.

बाई एवढंच म्हणाल्या, "निघ." मी मोटरसायकल काढली. छापखाना अंबडच्या औद्योगिक वसाहतीत. त्रिमूर्ती चौकातल्या गर्दीत अडकलो तेव्हा मला त्या गावातली रविवारची सकाळ दिसत होती. कुणीतरी पारावर पेपर उघडणार, माझा तो परिच्छेद मोठ्याने वाचणार, आणि दुपारपर्यंत नवऱ्यामुलाकडची माणसं दारात. ती "मी बोललेच नाही" म्हणणार, अध्यक्ष हार घालून फिरणार, आणि हे सगळं का, तर मला मेंदी सुचली म्हणून. छापखान्यात शिरलो तो धापा टाकतच. फोरमन स्टुलावर बसून चहा पीत होते. त्यांनी दुसरा कप माझ्यापुढे सरकवला. "बसा सर. पान मी लावलंच नाही. बाईंचा सकाळीच फोन आला होता. म्हणाल्या, पान अडवून ठेवा, तो दुपारी पळत येईल."

मी तिथूनच बाईंना फोन केला. शरमेपेक्षा राग जास्त होता, कारण राग सोपा असतो. "म्हणजे तुमचा माझ्यावर विश्वास नव्हता."

"होता की. पण विश्वास मी दोन ठिकाणांहून तपासून घेते." मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "तुझा परिच्छेद सुंदर होता रे. म्हणून तर लोकांच्या लक्षात राहिला असता."

फोरमनच्या टेबलावर बसून मी तो परिच्छेद माझ्या हाताने काढला. एसटी गेली, कंडक्टर गेले, प्रयोगशाळा गेली, मेंदी गेली. उरले दोन शब्द, "एक शिक्षिका". माझं नावही मीच काढलं, कारण ती तिथे आली त्या दिवशी माझी मोटरसायकल बाईंच्या बिल्डिंगखाली बऱ्याच जणांनी पाहिली होती. बातमी 'विशेष प्रतिनिधी' या नावाने छापून आली. सासुरवाडीला एकही अंक गेला नाही. आपण निर्दोष असल्याचं सांगत अध्यक्ष दोन आठवडे फिरले, पण तोवर आम्हाला ठाऊक नसलेल्या आणखी काही जणी स्वतःहून पुढे आल्या. अध्यक्षांना पद सोडावं लागलं, गुन्हा दाखल झाला, खटला आता कोर्टात आहे. मावशींनी तीन दिवस ती बातमी चष्मा लावून वाचली. "कोण आसल हो ही?" असं येणाऱ्याजाणाऱ्याला विचारलं, आणि चौथ्या दिवशी आयुष्यात पहिल्यांदा हार मानून पेपर रद्दीत टाकला. "काहीच लिहित नाय हल्ली पेपरवाले," असं त्या मला म्हणाल्या. त्याइतकी चांगली दाद माझ्या लिखाणाला त्याआधी मिळाली नव्हती आणि पुढे मिळेल असं वाटत नाही. धाकटीचं लग्न ठरल्या दिवशी झालं. आम्हाला आमंत्रण नव्हतं. ते नसणारच होतं.

माझ्या चुका बाईंनी किती झाकल्या याचा हिशोब मी ठेवलेला नाही, पण ही एक झाकली नसती तर मी आज कुठल्या तोंडाने लिहीत बसलो असतो, हा विचार अजून पाठ सोडत नाही. मला त्या कधी रागावल्याही नाहीत. पुढच्या सोमवारी एक किलो मटार आणून टेबलावर ठेवले आणि म्हणाल्या, "घरी ने. उरलेले खा." निवृत्त होऊन त्या आता कळवणला असतात.

मागच्या हिवाळ्यात मी एका शाळेच्या कार्यक्रमाला बातमीसाठी गेलो होतो. कुठल्या, ते सांगत नाही. पाहुण्यांच्या नावांची यादी घेऊन जी शिक्षिका माझ्याकडे आली, ती तीच. शेजारी मुख्याध्यापक उभे होते. अनोळखी माणसाकडे बघावं तसं तिने माझ्याकडे पाहिलं. "सर, तुम्ही कुठल्या पेपरचे?" मी सांगितलं. "बरं. नावं तेवढी नीट टाका हं," असं म्हणून ती मुलांना रांगेत बसवायला गेली.

मी बाहेर येऊन बाईंना फोन लावला. "तिने ओळखच दाखवली नाही," म्हणालो. माझ्या स्वरात थोडी तक्रार होती, ती आता लपवत नाही.

"छान झालं," बाई म्हणाल्या. मी फोन ठेवणार तेवढ्यात त्यांनी विचारलं, "कशी दिसत होती रे?"

"बरी होती."

"बरी म्हणजे काय? नीट सांग. साडी कोणती होती, चेहरा कसा होता, मुलांशी कशी बोलत होती. मला घाई नाही."

आत कुणीतरी माइक ठोकून बघत होतं. मी पायरीवर बसलो आणि सांगायला लागलो. येत होती नव्हती ती सगळी विशेषणं लावून सांगितलं, दोनदा तर तेच तेच सांगितलं. बाईंनी त्यातलं एकही खोडलं नाही. काय काय सांगितलं, ते मात्र इथे लिहीत नाही.