आईच्या सेवेला

दोन हजार आठच्या मंदीत इथे आखातात सगळ्यांचे धंदे बसले, माझा तेवढा तेजीत आला. पोटासाठी मी रास अल खैमाच्या सिमेंट कारखान्यात इंजिनिअर. पण अजमानच्या आमच्या मराठी मंडळात माझी ओळख गीतकार. बारसं असो, मुंज असो, नवी गाडी असो, गाणं माझं. मानधन डबाभर श्रीखंड. चाल मात्र कायम एकच, कारण आमच्या पेटीवाल्याला तेवढीच येत होती.

मंदी आली आणि निरोपाच्या गाण्यांची रांग लागली. नोकरी गेली असं कुणी म्हणायचं नाही. जो तो ‘आईच्या सेवेला’ निघालेला. मीही यमक जुळवून तसंच लिहून द्यायचो आणि बायकांचा कोरस डोळे पुसत गायचा. इतके श्रावणबाळ विमानात बसले की गावाकडच्या आयांची काळजीच वाटावी.

मग माझ्या शेजाऱ्याची पाळी आली. साइट बंद, नोकरी खलास. त्यात त्याची आई व्हिजिट व्हिसावर इथेच आलेली.

“तिला सुट्टीवर जातोय म्हणून सांगितलंय. खरं कळलं तर खचेल रे ती. गावभर माझं कौतुक सांगत असते. तू माझ्या वाढदिवसाचं लिही. फेअरवेलचं नावच नको, प्लीज यार!”

मी झकास नवं गाणं लिहिलं, कोरसला चारचारदा बजावलं. म्हातारी इरकल नेसून पहिल्या रांगेत. पहिलं कडवं सुखरूप पार पडलं. दुसऱ्याला सगळ्याजणींनी सवयीने सूर लावला, ‘आईच्या सेवेला निघाला हा लेक...’ मी हात हलवून थांबवतोय, तर त्यांना वाटलं मी ताल देतोय. डोळेसुद्धा वेळेवर पुसले.

म्हातारी उठून उभी राहिली.

“अगं बायांनो, मी तर इथंच बसलेय. मग हा कुणाच्या सेवेला निघालाय?” मग लेकाकडे वळली. “नोकरी गेली का रे?”

त्याने खाली बघत मान डोलावली.

“तुझ्या बापाची गिरणी बंद पडली, तेव्हा त्यानं सगळ्यात आधी मला सांगितलं होतं.”

तो लहान पोरासारखा रडायला लागला. तेवढ्यात पेटीवाल्याने भाता बंद केला आणि म्हणाला, “मावशी, माझीही गेली.”

नोकरी जाऊन महिना झाला होता, आणि महिनाभर हा पेटीवाला माझ्याच गाडीतून प्रॅक्टिसला येत होता.