तिघींना एकच गुच्छ

रविवारी दुपारी आम्ही दोघं एक जुना इटालियन विनोदी सिनेमा बघत होतो. त्यातला श्रीमंत, अविवाहित शेठ तिघींना एकसारखेच गुच्छ पाठवतो आणि प्रत्येकीला सांगतो, 'तुझ्याआधी कुणीच नव्हतं.' इतकं खोटं याला पचतं कसं, याचं मला कुतूहल वाटत होतं.

"तुम्ही माझ्याआधी किती मुली बघितल्या होत्या हो?" मटार सोलता सोलता बायकोने विचारलं.

पंचवीस वर्षं मी 'एकही नाही' असंच सांगत आलो होतो. पडद्यावर शेठ टाय सैल करत होता. माझाही हात गळ्याशी गेला.

"चार," मी म्हणालो. "चौघींनी पोहे खाऊ घालून नकार कळवला."

"माहितीये. सासूबाईंनी तेव्हाच सांगितलं होतं. म्हटलं, आता मीही नाही म्हटलं तर हा माणूस पोहेच सोडेल."

शेठला त्या तिघींपैकी कुणी असं काही सांगेल का, हे बघायला मी जरा पुढे सरकून बसलो.