कोंडाजीचा टाक

आमच्या मळवलीचा कोंडाजी रोज सकाळी स्वतःचीच पूजा करायचा. हसू नका, खरं सांगतोय. ब्रह्मदेशाच्या लढाईत तो मेल्याची तार आली, तेव्हा बायकोनं रीतीप्रमाणे, गेलेल्या माणसाचा करतात तसा, त्याचा चांदीच्या पत्र्याचा टाक घडवून देव्हाऱ्यात बसवला. टाकावर वीर घोड्यावर, हातात तलवार, तोंडावळा कुणाचाही. पुढं हे महाराज जिवंत परतले! पण एकदा बसवलेला टाक उठवायचा नाही, असं गुरवानं बजावलं. मग काय, अंघोळ करून हा आपल्यालाच गंध लावायचा. बरं, घोड्यावर हा जन्मात बसला नव्हता. पलटणीत हा खेचरं हाकायचा.

त्याच्याबरोबर गेलेला शेजारचा शिदू मात्र आला नाही. त्याची तारही आली नाही. त्याची आई सावित्राबाई म्हणायची, "तार आलेला परत आला, मंग माजा तर येनारच." आता यावर कोण काय बोलणार, कपाळ!

सदुसष्ट साली मुंबईचे इकबालसाहेब कॅमेरा घेऊन आले. लढाईतलं जे कुणी बोलत नाही, त्याची त्यांना फिल्म करायची होती. कोंडाजीनं चहा पिता पिता सगळं ओकून टाकलं. माघार घेताना शिदूचा पाय गेला. हुकूम आला, जखमी ठेवा, खेचरं आणा. यानं पाण्याची बाटली शिदूच्या उशाला ठेवली आणि खेचरं घेऊन निघाला. साहेब खूश! म्हणाले, उद्या कॅमेऱ्यापुढं हेच सांगा, पण जरा रडत.

दुसऱ्या दिवशी अंगणात अख्खी वाडी लोटली. सगळ्यांच्या पुढं सावित्राबाई, ठेवणीतलं लुगडं नेसून. कोंडाजीनं तिच्याकडं पाहिलं आणि झालं!

"जखमींना मागं सोडलंत ना?" साहेबांनी विचारलं.

"छ्या! आमी सगळ्यास्नी घिऊन आलो. येकबी मागं ठिवला न्हाई."

"अहो, काल तर तुम्ही..."

"काल ताप व्हता मला, सायेब."

लोकांनी टाळ्या पिटल्या. या माणसांना सत्याची चाडच नाही, म्हणत साहेबांनी कॅमेरा पेटीत घातला. मला त्यांचा राग आला आणि कीवही आली. अहो, जरा दम धरला असता तर!

मोटार गेली, तशी सावित्राबाई उठली.

"कोंडू, सगळ्यास्नी आनलंस म्हनतोस. मंग माजा कुटं हाय?"

कोंडाजी उठला. मान खाली घालून आत गेला, गुरवाला न विचारता टाक उठवला, चिंचेनं लख्ख घासला आणि म्हातारीच्या पदरात घातला.

तिनं त्याच्यावरून अंगठा फिरवला. "घोडा बी हाय व्हय? बरं झालं बाबा. येवढ्या लांबनं माजं प्वार चालत कसं आलं आसतं?"

तेव्हा मात्र कोंडाजी उंबऱ्यावरच बसला आणि साहेबांना हवा होता तस्सा धाय मोकलून रडला.