नमस्कार, चंद्रकला

माझ्या आईचं नाव मंगला नव्हतं.

चौकातल्या फ्लेक्सवर मंगला होतं. आधार कार्डावर मंगला होतं. महिन्याभरापूर्वी सगळे घाटावर आले, ते मंगलाबाईंनाच पोचवायला.

तिचं खरं नाव मला कळलं तेव्हा मी चाळिशीला टेकले होते. तेही एका रेसिपीच्या वेबसाईटमुळे.

मी नोकरीसाठी हैदराबादला. आई-बाबा नागपूरला, इतवारीत. एका दिवाळीत आईला टॅबलेट घेऊन गेले, तर दोन दिवसांत बाई त्यावर भांडायलाच निघाली. कोणीतरी सावजी रस्स्याची रेसिपी टाकली होती आणि त्यात साखर घातली होती!

"मले लिहाचं आहे इथं," आई म्हणाली.

"मग अकाउंट काढावं लागते. नाव सांग."

"कोणतं बी चालते?"

"तुले पाहिजे ते."

तिने टॅबलेट माझ्याकडे सरकवला.

"चंद्रकला टाक."

"आता हे कोण वं?"

"मी. माहेरी, उमरेडले होती तवा."

मग सांगितलं तिने. सत्तरच्या दशकातलं लग्न. ताटात तांदूळ पसरलेले, बाबांच्या हातात अंगठी. आजीने बाबांच्या कानात नाव सांगितलं, बाबांनी ते तांदळात लिहिलं.

"वाचलं तवा मले कळलं, का मी आता मंगला हावो. पेढे बी वाटले."

"तुले कोणी विचारलं नाही?"

"काहून विचारतीन? आता तू विचारून राहिली ना, तेवढंच."

आजोळी तिला लहानथोर सगळे 'बाई' म्हणत. बाबा तर कुठलंच नाव घेत नसत. "अवं, ऐकून राहिली काय" एवढ्यावर त्यांचा अख्खा संसार झाला. मला कळणार कुठून?

मी चंद्रकला टाइप केलं. साईट म्हणाली, हे नाव उपलब्ध नाही.

आई खो खो हसली. "घे! इथं बी नाही भेटत."

शेवटी पुढे आडनावासारखं उमरेड जोडलं. मग जमलं. वर अक्षरं आली,

नमस्कार, चंद्रकला.

आईने चष्मा काढला, पदराने पुसला, परत लावला आणि पुन्हा वाचलं.

बाबा शेजारीच पेपर वाचत बसले होते.

त्यानंतर चंद्रकलाने त्या साईटवर जो धुमाकूळ घातला, विचारू नका. "हा सावजी नाही. हा लाल रंगाचा रस्सा आहे." "आमच्याकडे कोथिंबीर म्हणत नाहीत, सांबार म्हणतात. सांबारवडी हिवाळ्यातच करावी." मंगला म्हणून आयुष्यभर जी कोणाला उलटून बोलली नाही, तीच ही बाई.

एका मुलीने उत्तर दिलं, "थँक यू चंद्रकला काकू." आईने मला फोन केला. "पाह्य, मले चंद्रकला म्हणून राहिली ते पोरगी!"

पासवर्ड मात्र तिच्या डोक्यात कधी राहिला नाही. म्हणून मी माझा नंबर जोडून दिला. तिने नाव टाकलं की ओटीपी माझ्या मोबाईलवर यायचा आणि मागोमाग तिचा फोन.

"आकडे आले काय वं?"

मीटिंग असो, बस असो, मी आकडे सांगायचे. ती म्हणायची, "हां, झालं. ठेव."

आई गेली तेव्हा मी म्हटलं, फ्लेक्सवर चंद्रकला लिहा. मोठे काका म्हणाले, "अवं, लोकाईले कसं समजन कोण गेलं ते?" बरोबरच होतं त्यांचं. मंगलाच छापलं.

काल दुपारी ऑफिसात होते.

मोबाईल वाजला. ओटीपी.

एक क्षण, खरं सांगते, मला वाटलं आईच आहे. मग वाटलं कोणीतरी तिचं अकाउंट हॅक करतंय, आणि असा राग आला की बस्स.

तेवढ्यात फोन आला. बाबा.

"आकडे आले काय वं तुले?"

बाबांनी जन्मात त्या टॅबलेटला हात लावला नव्हता.

"बाबा, तुम्ही काय करून राहिले?"

"वडाभात कराचा होता. तिनं लिहून ठेवला हाये तिथं." मग म्हणाले, "आन ते भांडत होती ना लोकाईसंग, ते बी वाचाचं होतं."

"नाव काय टाकलं तुम्ही?"

"ती टाकत होती तवा मी बाजूलेच बसून राहत होतो."

"पण काय टाकलं?"

फोनवर नुसता पंख्याचा आवाज.

"चंद्रकला," बाबा म्हणाले.

माझ्या उभ्या आयुष्यात मी बाबांच्या तोंडून आईचं नाव ऐकलं नव्हतं. हे नाही, ते पण नाही.

"मीच लिहिलं होतं वं तांदळात दुसरं. माय म्हणे लिही, मी लिहिलं. तिचं चांगलं नाव होतं." आणि माझे बाबा, कोराडीच्या पॉवर स्टेशनात उमर काढलेला माणूस, लेकरासारखे रडायला लागले.

मी ऑफिसच्या जिन्यात बसले आणि रडले. दोघंही रडत राहिलो. तोवर ओटीपीची मुदत संपली.

"बाबा, 'परत पाठवा' दाबा."

दाबलं. नवीन आकडे आले. मी एकेक करून सांगितले, त्यांनी एकेक करून दाबले.

"झालं काय?"

"हां. झालं." मग त्यांनी स्क्रीनवरचं मोठ्याने वाचलं, शाळेत धडा वाचतात तसं.

"नमस्कार, चंद्रकला."

आणि फोन ठेवला नाही. पुन्हा वाचलं.

आज आईला जाऊन महिना झाला. लोकांना समजो न समजो, मी इथे नीट लिहिते.

आमची आई, उमरेडची चंद्रकला.

भावपूर्ण श्रद्धांजली, तुझ्या नावाने.