लाटणं थांबलं की

रायपूर राजधानी झालं, तेव्हा मुंबईत टीव्हीच्या मालिका लिहिणारा एक माणूस स्वतःचा छत्तीसगढी पिक्चर काढायला गावी परतला. रायपुरातल्या गुढियारी मोहल्ल्यात आमच्याकडे जेवायला यायचा. मी पोळ्या लाटायची आणि तो भिंतीला टेकून सीन वाचून दाखवायचा. कसा वाटला, विचारलं की माझी मान खाली.

"काहून लाजता, दीदी? बोलू नका. तुमचं लाटणं थांबलं का मले समजते."

लाटणं चालूच राहिलं की तो हसत कागद फाडायचा. म्हणायचा, "हा पिक्चर पडला तर पुन्हा सासू-सुनेची भांडणं लिहा लागन."

शेवटचा सीन त्याला काही केल्या जमेना. एका दुपारी त्याने वाचलं: मुलगी सासरी गेली, तरी आई रात्री सवयीने सकाळच्या बासीसाठी दोघींचा भात पाण्यात भिजवते. तव्यावरची पोळी करपली. तीच मागून घेऊन त्याने आनंदाने खाल्ली.

मी न बोलताही माझं ऐकणारा तेवढा एकच भेटला.

पिक्चर लागला तेव्हा आम्ही गेलो. माझ्या शेजारची बाई शेंगा सोलत होती. पडद्यावर भात भिजला आणि तिचा हात थांबला.