खोबरं पकडलं आणि मी उडाले

विमान कसं पडतं याची मला खडान्खडा माहिती आहे, आणि पन्नाशी उलटून गेली तरी मी विमानात पाऊल ठेवलेलं नव्हतं. या दोन गोष्टींचा एकमेकींशी संबंध आहे असं आमचे हे म्हणतात. यांचं म्हणणं मी सहसा मनावर घेत नाही, पण इथं नाइलाज आहे.

औरंगपुऱ्यात माझा शिवणवर्ग आहे. हातशिलाई करताना बोटं कामात असतात आणि कान रिकामे, म्हणून मोबाइलवर काहीतरी लावून ठेवायची सवय लागली. आधी लोणच्याच्या कृती ऐकल्या, मग प्रवचनं, आणि एक दिवस चुकून विमान अपघाताच्या चौकशीचा कार्यक्रम लागला. त्यात मी जी अडकले ती अडकलेच. मला अपघातांची हौस नाही, हे आधीच सांगून ठेवते. विमान पडतं तो भाग मी आवाज बंद करून काढते. मला ओढ असते ती त्यानंतरची. माणसं येतात, शेतातून, समुद्रातून तुकडे वेचतात, महिनोन्महिने ते जुळवत बसतात आणि शेवटी एका खिळ्यावर बोट ठेवतात. मग जगभरच्या विमानांतला तो खिळा बदलला जातो. आमच्या गल्लीच्या तोंडाशी एक खड्डा आहे, त्यात निम्मी गल्ली पडून झाली, पण अजून कुणी चौकशीला आलेलं नाही.

पहिल्यावहिल्या जेट विमानांच्या खिडक्या चौकोनी होत्या. कोपऱ्यापासून पत्रा चिरत गेला आणि विमानं हवेतच फुटली. हे ऐकलं तेव्हा मी कात्री खाली ठेवली. चौकोनी गळ्याचा कोपरा नीट पक्का केला नाही तर ब्लाउज तिथूनच उसवतो, हे मी वर्गातल्या पोरींना घसा कोरडा पडेस्तोवर सांगत असते. आता विमानाच्या खिडक्यांना कोपरेच नसतात. पुढं कळलं, की एका बेटावर धुक्यात दोन अजस्र विमानं धावपट्टीवरच एकमेकांवर आदळली होती, कारण एका मुख्य वैमानिकाला वाटलं की आपल्याला परवानगी मिळाली आहे. शेजारी बसलेल्यांना शंका आली होती, पण साहेबापुढं जोर लावून बोलणार कोण? तेव्हापासून हाताखालच्या माणसानंही न घाबरता ‘थांबा’ म्हणायचं, असं वैमानिकांना शिकवायला लागले. हा नियम मी घरी लगेच लागू केला. हे स्कूटर चालवतात आणि मी मागून प्रत्येक चौकात ‘थांबा’ म्हणते. यांना तो नियम अजिबात आवडलेला नाही.

आणि आमच्या गावाला तर ही गोष्ट दुसऱ्या कुणी सांगायची गरजच नाही. तीसेक वर्षांपूर्वी इथल्याच चिकलठाणा विमानतळावरून उडालेलं विमान धावपट्टीपलीकडच्या रस्त्यावर कापसाच्या गाठींनी भरलेल्या ट्रकला धडकलं आणि कोसळलं, हे इथल्या पोराटोरांनाही माहीत असतं. मी तेव्हा नवी नवरी होते. त्या दिवशी आमच्या गल्लीत कुणाच्या घरी धड स्वयंपाक झाला नाही, एवढं मला आठवतं. अजूनही त्या रस्त्यानं जाताना मी एकदा वर बघून घेते.

तर अशी मी, आणि माझी लेक बेंगळुरूला. तिचं पहिलंच बाळंतपण. ती इकडं माहेरी यायला तयार नव्हती, तिची डॉक्टर तिकडं होती. म्हणून मीच आधी जाऊन बसायचं ठरलं, रेल्वेची तिकिटं काढली, डिंकाचे लाडू झाले, नातवंडासाठी कुंच्या शिवून झाल्या. आणि एका दुपारी तिचा फोन आला. बाळ आडवं झालंय, पाणी कमी झालंय, परवा सकाळीच ऑपरेशन करायचं म्हणतायत.

“तू काळजी करू नको आई,” ती म्हणाली. “रेल्वेनं तू पोचायच्या आत सगळं होऊन जाईल. आणि विमान तुला जमणार नाही, ते मला माहितेय. आम्ही बघतो इकडं.”

ती लहानपणी गुडघे फोडून घरी यायची तेव्हा ‘लागलं नाही’ म्हणायची, अगदी त्याच आवाजात बोलत होती. फोन ठेवला आणि यांना म्हटलं, उद्याच्या विमानाची तिकिटं काढा. हे चहा पीत होते. बशी तशीच हातात धरून ते माझ्याकडं बघत राहिले.

“नक्की?” हे म्हणाले. “अगं, तू तर पाळण्यातबी बसत नाहीस जत्रंत.”

“पाळण्याची कोण चौकशी करतं? विमानाची करतात.”

मी असं बोलले खरं, पण त्यानंतर मला जे सुरू झालं ते काय होतं, देव जाणे. भीतीनं माणूस गप्प होतो म्हणतात. मी बोलतच सुटले. हसू येत होतं, पाय एका जागी ठरत नव्हते, कपाट उघडलं की कशाला उघडलं ते आठवत नव्हतं. शेजारच्या खाला धावत आल्या. त्या हज करून आलेल्या, त्यामुळं विमानाच्या बाबतीत आमच्या गल्लीत त्यांचाच शब्द शेवटचा.

“कायकू डरती गे?” त्या म्हणाल्या. “मैं जाके आई ना. बैठे, खाये, सोये, उतर गये. बस.”

मग त्यांनी एक रुपयाचं नाणं हिरव्या कापडात गुंडाळलं आणि माझ्या उजव्या दंडाला बांधलं. त्यांच्याकडं प्रवासाला निघालेल्या माणसाला हा इमाम-जामीन बांधतात, आणि सुखरूप पोचल्यावर तो रुपया गरिबाला देऊन टाकतात. बांधताना त्या पुटपुटत होत्या. मी विचारलं, मी काय म्हणू? म्हणाल्या, “तू तुम्हारा रामरक्षा बोल. ऊपर सब एकीच सुनता.” दंडावर ती गाठ आवळली गेली तसं मला पुन्हा हसू फुटलं, आणि त्याही हसायला लागल्या, आणि दोघींच्या डोळ्यांत पाणी आलं.

विमानतळावर मोठ्या बॅगा देऊन झाल्या, पण एक पिशवी मी काही केल्या सोडली नाही. सामान हरवल्याच्या गोष्टी मी काय थोड्या ऐकल्यात? त्यामुळं बाळंतिणीचा ऐवज माझ्या काखेत होता. लाडवांचा डबा, आणि तिथं गेल्यावर ताजा दुसरा घाणा करता यावा म्हणून निवडून घेतलेल्या सुक्या खोबऱ्याच्या वाट्या. आमच्या भागात लेकीच्या बाळंतपणाला रिकाम्या हातानं गेलेलं चालत नाही, आणि खोबऱ्याशिवाय गेलेलं तर मुळीच नाही.

रांगेत माझी टकळी चालूच. “अहो, आत गेल्यावर आधी दार किती रांगा पुढं आहे ते मोजून ठेवायचं. धूर झाला तर दिसत नाही, हातानं चाचपत जावं लागतं. एकदा असंच झालं आणि मग जमिनीवर दिवे लावायला लागले.”

पुढच्या माणसानं वळून बघितलं. त्याच्या पुढच्यानंही.

“अगं गप की,” हे दातांतल्या दातांत म्हणाले. “इथं तसलं काय बोलायलीस. लई लोकं बघायलेत.”

“बघू द्या. माहिती होईल त्यांना.”

बायकांच्या तपासणीच्या पडद्याआड गेले आणि माझ्या दंडाशी यंत्र कुरकुरलं. तिथल्या बाईंनी विचारलं, काय आहे? म्हटलं, रुपया. कशाला? आता खरं सांगायची माझी जुनी खोड. म्हटलं, विमान पडू नये म्हणून. बाईंनी माझ्याकडं बघितलं, गाठ चाचपली, पुन्हा माझ्याकडं बघितलं. “मेरी दादी भी बांधती थी,” त्या म्हणाल्या, आणि मला सोडलं. मी तरंगतच बाहेर आले.

बाहेर माझी पिशवी बाजूला काढून ठेवलेली. एक वर्दीतला तरुण शिपाई त्यातली खोबऱ्याची वाटी हातात धरून उभा, आणि आमचे हे त्याच्यापुढं शाळेत पकडलेल्या मुलासारखे.

“ताई, सुकं खोबरं विमानात चालत नाही,” तो म्हणाला. “तेल असतं त्यात. पेट घेतं.”

जगातल्या सगळ्या अपघातांची कारणं मला पाठ. कुठं कुठली ठिणगी पडली, कुठल्या विमानात बारकी आग कशी मोठी झाली, सगळं ठाऊक. आणि मी, मीच, खोबरं काखेत घालून विमानात शिरायला निघाले होते. अख्ख्या जन्मात माझ्या मनाला शिवलं नव्हतं, की आपल्या पिशवीतलं खोबरं हीसुद्धा पेटणारी वस्तू आहे.

“अहो, घरचं खोबरं आहे, ऊन दिलेलं,” हे त्याला समजावू लागले. “लेकीचं बाळंतपण आहे. एवढं एक डाव—”

“थांबा,” मी म्हटलं.

हे थांबले. मी त्या शिपायाकडं बघितलं, आणि खरं सांगते, त्या क्षणी मला जो आनंद झाला तो गगनात मावेना. भल्यामोठ्या विमानतळावर, इतक्या पिशव्यांत, या लोकांनी माझं खोबरं शोधून काढलं होतं. जी माणसं बाळंतिणीचं खोबरं सोडत नाहीत ती सैल झालेला खिळा काय सोडणार? मी त्याला म्हटलं, ठेवून घे बाबा, सगळ्या वाट्या घे, डब्याखाली अजून एक आहे ती पण घे. तुझं लई बरं होईल. तो गोंधळला. लोक सहसा त्याच्याशी भांडत असावेत. यांनी मला कोपराला धरून तिथून हलवलं, नाहीतर मी त्याला लाडू दिल्याशिवाय राहिले नसते.

विमानात बसल्याबरोबर मी रांगा मोजल्या. मग हवाई सुंदरी पट्टा कसा बांधायचा, प्राणवायूचा मुखवटा कसा ओढायचा ते दाखवायला उभी राहिली. सगळं विमान मोबाइलमध्ये तोंड घालून बसलेलं. मी एकटी मान उंच करून बघत होते. तिच्या ते लक्षात आलं. दुसऱ्या वाक्यापासून ती सगळं मलाच दाखवायला लागली, आणि आधी स्वतःचा मुखवटा लावा मग दुसऱ्याचा, या वाक्याला मी जोरात मान डोलावली तेव्हा तिला हसू आवरेना. यांनी खिडकीकडं तोंड फिरवलं.

आणि मग विमान धावायला लागलं. इथं मात्र माझी बडबड बंद पडली. पुढं तो रस्ता आहे, एवढंच डोक्यात. मी यांचा हात धरला. हात घामानं चिंब होता, आणि तो माझा घाम नव्हता. इतका वेळ मला गप बस म्हणणारा हा माणूस डोळे गच्च मिटून बसला होता. चाकं सुटली, आणि खाली बघितलं तर रस्ता, त्यावर काड्यापेटीएवढे ट्रक, आणि आम्ही त्यांच्यावरून उंच, कितीतरी उंच. मी खदखदून हसले. मला थांबताच येईना. त्या हसण्यातच तीस वर्षांपूर्वी त्या रस्त्याशी गेलेल्या माणसांसाठी मी हात जोडले.

बेंगळुरूला उतरल्यावर खालांचा रुपया बाहेरच्या एका म्हातारीला दिला, त्यात भर घालून. दवाखान्यात पोचलो. लेक पलंगावर बसली होती. मला दारात बघून ती उठायलाच लागली.

“तू विमानानं आलीस?”

“मग काय चालत?”

ती माझ्या कमरेला मिठी मारून जी रडली, ती रडतच राहिली. इतके दिवस फोनवर ती किती हिंमत करून बोलत होती ते मला तेव्हा कळलं.

सकाळी तिला न्यायला आले. परिचारिकेनं तिचं नाव विचारलं, हातातल्या पट्टीवरचं नाव वाचलं, कशाचं ऑपरेशन, कुठल्या औषधाचा त्रास होतो का, सगळं विचारलं. थोड्या वेळानं दुसरी आली, तिनं पुन्हा तेच विचारलं. मग भूल देणारे डॉक्टर आले, त्यांनीही हातातल्या कागदावरून एकेक ओळ मोठ्यानं वाचली. लेक वैतागली.

“किती वेळा तेच तेच, आई. यांना काही ठाऊक नाही का?”

तिचे ओठ कोरडे पडले होते. तिला राग आला नव्हता, ती घाबरली होती. मी तिच्या कपाळावरचे केस मागं सारले आणि तिला सांगितलं, की ही रीत डॉक्टरांनी विमानवाल्यांकडून घेतली आहे. तीस-तीस वर्षं विमान चालवलेला माणूससुद्धा उडण्याआधी असंच एकेक मोठ्यानं वाचतो आणि शेजारच्यानं उत्तर दिल्याशिवाय पुढं जात नाही. कारण कधीतरी, कुठंतरी, असं न विचारता एक विमान उडालं होतं. कुणाच्या तरी लेकी होत्या त्यात. त्या गेल्या, म्हणून आज तुला तिसऱ्यांदा नाव विचारतायत.

मग तिनं डॉक्टरांकडं वळून स्वतःचं नाव पुन्हा सांगितलं, या वेळी नीट, सावकाश.

ढकलगाडी हलली. दारापाशी पहिली परिचारिका थांबली, तिनं कागद बघितला आणि मला विचारलं, “आप कौन?”

“मां,” मी म्हटलं.

“पेशंट आपकी बेटी है?”

“हां. मेरी बेटी है.”

तिनं पुन्हा एकदा विचारावं असं मला वाटत होतं.