आत्याचं अर्धं राहिलेलं गाणं

शहापूरकरांनो, हे आजच सांगायला हवं.

सकाळी वाचनालयात स्वातंत्र्याच्या आधी छापलेलं एक पुस्तक मिळालं. त्यात आपल्याकडच्या विणकर बायकांची गाणी आहेत. एक ओळ मराठी, दुसरी कानडी! घरी येऊन आत्याला साडीच्या काठाचं गाणं वाचून दाखवायला घेतलं, तर ती चक्क चालीत म्हणायलाच लागली.

“माझी आई कांड्यांवर सूत भरताना म्हणायची गं,” म्हणाली. दोन कडवी झाल्यावर थांबली. “फुडचं आईला येत न्हवतं.”

“हितं हाय की आत्या!”

“व्हय? मग वाच की.”

मी वाचत गेले. पंच्याहत्तरीतली आत्या डोळे मिटून, आयुष्यात पहिल्यांदा, ते गाणं शेवटपर्यंत ऐकत होती.

तुमच्या घरात कुणाला येतं का असं अर्धं गाणं?